वेलच्याला दिलेली वेळ

बाबल्या कलमं बांधायचा. हातखंब्याच्या आसपासच्या दहाबारा वाड्यांत ज्याच्या परड्यात आंब्याचं कलम असेल, त्याला विचारा, बांधलं कुणी म्हणून. निम्मे लोक बाबल्याचंच नाव सांगतील. वय साठीच्या पुढे गेलं होतं, डोळ्यांवर चष्मा आला होता, पण चाकू हातात घेतला की हात विशीतल्यासारखा चालायचा. बोलायला मात्र कमी. बायको मैना म्हणायची, "ह्यांची कलमांशी होतात तेवढी बोलणी माझ्याशी झाली असती, तर मी शेजारी कशाला बसायला गेले असते?"

शेजार म्हणजे जनीआते. नात्याने ती बाबल्याची कुणी नव्हती. चार वर्षांचा असताना त्याची आई गेली, बाप दिवसभर दुसऱ्यांच्या बागेत, तेव्हा शेजारच्या जनीने त्याला आपल्या पडवीत बसवून पेज भरवली, ती पुढे दहा वर्षं. तिला मूलबाळ नव्हतं. नवरा मुंबईला कामाला होता, शिमग्याला आणि गणपतीला यायचा. तोही वारून आता वीस वर्षं झाली होती. जनीआते शहाऐंशीची होती. काठी घेऊन चालायची, पण चालायची.

तिच्या दारात एक रायवळ आंबा होता. वाडीत त्याला वेलच्या म्हणत. फळ मुठीएवढं, साल पातळ, कोय मोठी, धागे दातांत अडकणारे. कुठला व्यापारी त्याच्याकडे ढुंकून पाहायचा नाही. पण चोखून झाला की घशात वेलचीसारखा वास राहायचा, तो संध्याकाळपर्यंत जायचा नाही. तसलं दुसरं झाड पंचक्रोशीत नव्हतं.

रस्ता रुंद करायला घेतला तेव्हा वेलच्याच्या खोडावर पांढरा आकडा पडला, आणि जूनच्या पहिल्या आठवड्यात झाड आडवं झालं. करवत चालू होती तोवर जनीआते दार लावून आत बसली होती. बाबल्या मात्र पडलेल्या फांद्यांत शिरला आणि तीस काड्या काढून आणल्या. काड्या कोवळ्या होत्या, कलमाला पाहिजेत तशा भरलेल्या नव्हत्या. तरी त्याने नुकत्या रुजलेल्या कोयींवर तिसाच्या तीस बांधल्या. महिन्याभरात एकोणतीस काळ्या पडल्या. एक जगली.

त्या एका कलमाला त्याने वर्षभर पिशवीत जपलं. दुसऱ्या वर्षीच्या मे महिन्यात जनीआतेला दाखवायला नेलं.

"ह्याला आंबा कधी लागायचा?" तिने विचारलं.

"चार वर्षं. पाच धर."

जनीआते हसली. "मग तो तुझ्या नातवंडांना. माझ्या जिभेला हल्ली भाकरीची चव कळत नाय, माशाची कळत नाय. एक वेलच्या चोखायला मिळाला असता, तर समजलं असतं, जीभ मेली की जिन्नसच मेले."

ती सहज बोलली होती. बाबल्याच्या मनातून मात्र ते जाईना.

जनीआतेच्या घरामागे कातळाचा उतार होता. तिथे खड्डा मारायला त्याने पहार घेतली. दोन हात खाली गेल्यावर पहार एका जागी अडली. वाजली नाही, ठिणगी उडाली नाही, नुसती थांबली. त्याने हाताने माती उकरली तर जांभ्याच्या पोटात एक गोटा बसलेला. मुठीत मावेल एवढा, पिकल्या करवंदाच्या रंगाचा, आणि उन्हात नसूनही कोमट. बाबल्याने आयुष्यात हजारो खड्डे मारले होते, पण असला दगड पाहिला नव्हता. तो हातात घेऊन जरा टेकावं म्हणून तो खड्ड्याच्या काठावर बसला.

बसला आणि उठला, मध्ये काही नाही. पण बसला तेव्हा ऊन डोक्यावर होतं आणि उठला तेव्हा सूर्य समुद्राकडे कलला होता. पाय आखडले होते, पोटात भूक होती. झोप लागली नव्हती. झोपेतून उठल्यावर अंगाला कळतं, तसं काही कळत नव्हतं. तीन तास त्याच्यावरून गेले होते आणि त्याच्या वाट्याला आले नव्हते.

उन्हाचा झटका असेल, असं म्हणून त्याने कलम लावलं, दगड तिथेच आळ्यात टाकला, वर दोन कळशा पाणी ओतलं आणि घरी गेला. सकाळी पाहतो तर कलमाला तांबूस पालवीचा नवा तुरा, हाताएवढा. एका रात्रीत पालवी फुटत नाही, हे बाबल्याला दुसऱ्या कुणी सांगायला नको होतं.

पुढच्या आठवड्यात त्याला सगळं उमगलं, त्यातलं अर्धं मैनेमुळे. दुपारी पडवीत तो दगड घेऊन बसला होता, मैना हाताच्या अंतरावर कुळीथ निवडत होती, चुलीवर भात होता. दोघं भानावर आली ती करपल्याच्या वासाने. भाताचा कोळसा झाला होता, दिवस मावळतीला आला होता, आणि मैनेच्या सुपातले कुळीथ होते तिथेच होते. दगड कोरडा असला की जवळ बसलेल्यांची वेळ पिऊन घ्यायचा. भिजला की घेतलेली वेळ सोडायचा, जवळ जे असेल त्याला. आणि कलमाजवळ सोडली की कलम ती पिऊन वाढायचं.

"टाकून द्या तो," मैना म्हणाली.

"टाकीन. जरा वेलच्या मोठा होऊ दे."

तेव्हापासून बाबल्या आपल्या दुपारी वेलच्याला घालू लागला. जेवला की मांगरात, म्हणजे अवजारांच्या खोपटात, जाऊन दगड घेऊन बसायचा, संध्याकाळी तो आळ्यात ठेवून पाणी ओतायचा. तिथे दुसऱ्या कुणाला जवळ येऊ द्यायचा नाही. पावसाळ्यात भर पडत गेली. कलम कमरेला लागलं, मग छातीला. पण बाबल्याला हिशेब येत होता. एका माणसाच्या दुपारी त्या किती? अशाने झाड फळावर यायला दोन-अडीच वर्षं तरी जातील. आणि जनीआते त्या पावसाळ्यात दोनदा पडवीच्या पायरीवर घसरली होती.

गणपती झाले. गौरी गेल्या. बाबल्या एका कामाला रत्नागिरीला गेला होता, तेव्हा एसटी स्टँडवर त्याला ते सुचलं. माणसंच माणसं. बाकांवर, बोचक्यांवर, खांबाला टेकून. कुणी जांभया देतंय, कुणी मोबाइलमध्ये डोकं घातलंय, कुणी दर पाच मिनिटांनी चौकशीच्या खिडकीशी जाऊन येतंय. ही सगळी वेळ जायचीच आहे, त्याला वाटलं. कुणालाही ती नकोच आहे. आपण घेतली तर त्यांचे कंटाळ्याचे तास तेवढे वाचतील.

दुसऱ्या दिवशी तो दगड पत्र्याच्या डब्यात घालून घेऊन गेला; बंद डब्यातून दगडाला कुणाची वेळ घेता येत नसे. एका बाकाखाली हळूच ठेवला आणि स्वतः समोरच्या खांबाशी जाऊन उभा राहिला. बाकावर पाच जण होते. एक पेंगणारे म्हातारे, दोन कॉलेजातली पोरं, आणि कडेला आई आणि लग्न झालेली मुलगी. मुलगी तिशीच्या आतली, पायाशी मोठी बॅग, मांडीवर नारळांची पिशवी. लातूरची गाडी दोन तास उशिरा आहे, असं भोंग्यावर सांगितलं, तेव्हा मुलगी आईकडे वळली होती आणि तिने आईचा हात हातात घेतला होता.

दोन तास ती पाचही माणसं तशीच बसून राहिली. डोळे उघडे, पण नजर कुठेच नाही. बाबल्याला पाहवेना, पण तो हलला नाही.

गाडी लागली. बाबल्याने पुढे होऊन दगड उचलला आणि डब्यात घालण्याआधीच आईचा आवाज त्याच्या कानावर आला.

"अगं, गाडी आली? आता तर म्हणाले दोन तास."

"आये," मुलगी घड्याळाकडे बघत उभी राहिली, "चार वाजले गं. असे कसे वाजले? मला तुला सांगायचं होतं..."

"काय, बाय?"

कंडक्टर घंटी मारत होता. मागून माणसं ढकलत होती. मुलीने आईकडे पाहिलं, काही बोलायला तोंड उघडलं, मग नुसतीच तिच्या गळ्यात पडली आणि चढली. गाडी फाटकातून बाहेर पडली. आई तिथेच उभी राहिली.

बाबल्या खांबापासून निघाला. तो तिच्याजवळ गेला, तिची पिशवी उचलली आणि म्हणाला, "कुठची गाडी तुमची, ताई? मी बसवून देतो."

"नेवऱ्याची," ती म्हणाली. मग स्वतःशी बोलल्यासारखी, "वर्षातनं दोनदा येते. घरात पाव्हणे, गणपतीची गडबड, दोन शब्द बोलायला मिळाले नाय. म्हटलं स्टँडवर बोलू निवांत. दोन तास दोघी शेजारी बसलो हो. आणि एक शब्द आठवत नाय मला, काय बोललो ते." तिने पदराने डोळे पुसले. "म्हातारपण, दुसरं काय."

गाडीत बसताना ओळखीच्या बाईने तिला गंगुबाई म्हणून हाक मारली, तेवढं नाव त्याने लक्षात ठेवलं.

त्या संध्याकाळी बाबल्या वेलच्याकडे गेला नाही. दगडाचा डबा त्याने मांगराच्या माळ्यावर, जिथे कुणी जात नाही तिथे, ठेवून दिला. दोन दिवस तो जेवला नाही धड. तिसऱ्या दिवशी मैना त्याच्यासमोर बसली, तेव्हा त्याने तिला सांगितलं. सगळं ऐकून मैना म्हणाली, "मला नका सांगू. जिच्यासाठी केलंत तिला सांगा."

जनीआते पडवीत बसून पायाला तेल चोळत होती. बाबल्याने पायरीवर बसून, खाली मान घालून, पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं सांगितलं. दगडाचं ऐकून तिला फारसं नवल वाटलं नाही. एवढ्या वर्षांत तिने बरंच काही ऐकलेलं होतं. स्टँडचं मात्र तिने दोनदा विचारून घेतलं.

"तुला वाटलं, वाट बघण्यातली वेळ म्हणजे फुकटची," ती म्हणाली.

"तसंच वाटलं, आते."

"बाबल्या, मी चौतीस वर्षं नवऱ्याची वाट बघितली. वेलच्याखाली बसून. आज येईल, उद्या येईल, आला की काय बोलायचं, काय रांधायचं. तो यायचा पंधरा दिवस, त्यातले आठ भावकीत जायचे. माझा संसार झाला तो त्या वाट बघण्यात झाला. ती वेळ कुणी उचलून नेली असती तर माझ्याकडे राहिलं काय असतं?"

बाबल्या पायरीवरची माती नखाने खरडत राहिला.

"आणि तुझ्या दुपारी तरी तुझ्या कुठे हाय? मैना हाका मारते त्या मला ऐकू येतात पलीकडून." तिने तेलाची वाटी बाजूला सरकवली. "त्या बाईचं तिला देऊन ये."

"आणि वेलच्या?"

"त्याचं तो बघेल."

नेवऱ्याच्या अलीकडच्या वाडीत गंगुबाईचं घर शोधायला फार लागलं नाही. ती अंगणात भात वाळवत होती. बाबल्याने पाणीसुद्धा घेतलं नाही, उभ्याउभ्याच म्हणाला, "ताई, त्या दिवशी तुमचे दोन तास गेले ते तुमच्या म्हातारपणाने नाय गेले. मी घेतले. माझ्याजवळ हायत."

वेडा समजून तिने हाकलून दिलं असतं तरी त्याला वाईट वाटलं नसतं. पण गंगुबाईने भात पसरायचं थांबवलं. त्या दिवसापासून ती त्या दोन तासांचा विचार करत होती, आणि कुणाला सांगण्यासारखी ती गोष्ट नव्हती.

"निशिगंधा, माझी लेक, फोनवर बोलते," ती म्हणाली, "पण घरात सासू असते, दीर असतो. विचारलं काय सांगायचं होतं, तर म्हणते काय नाय, आये. आवाजावरनं कळतं ना हो." मग तिने विचारलं, "परत देता येतात?"

"येतात बहुतेक. माणसाला देऊन बघितले नाय अजून."

"भाऊबीजेला येणार हाय ती. दोन दिवस. त्यातही घर भरलेलं असणार."

"निघेल तेव्हा मी रस्त्यावर थांबतो," बाबल्या म्हणाला.

भाऊबीजेच्या तिसऱ्या दिवशी सकाळी आरे-वारेच्या रस्त्यावरच्या थांब्यापाशी बाबल्या येऊन बसला होता. थांबा म्हणजे जांभ्याचा एक कट्टा आणि वर पत्रा. पलीकडे उतार आणि खाली समुद्र. त्याने पितळी तांब्यात पाणी भरून आणलं होतं. मायलेकी आल्या. निशिगंधा न्हालेली होती, केस ओले, पाठीवर मोकळे, हातात भुईमुगाच्या उकडलेल्या शेंगांची बांधलेली पुडी. बरोबर भाऊ बॅग घेऊन आला होता. गंगुबाईने त्याला काहीतरी विसरल्याचं निमित्त काढून परत पाठवलं. गाडी यायला पाच मिनिटं होती.

गंगुबाईने बाबल्याकडे पाहिलं. बाबल्याने डबा उघडला, दगड तांब्यात सोडला, तांब्या कट्ट्याखाली दोघींच्या पायांशी ठेवला आणि पटकन उठून रस्त्यापलीकडे गेला. मायलेकींकडे तोंड करून उभं राहायचं नाही असं त्याने ठरवलं होतं. तो समुद्राकडे बघत राहिला. एक होडी हर्णेच्या बाजूला, उत्तरेला चालली होती. ती दोन बोटं पुढे सरकली असेल नसेल, तेवढ्यात वळणावर गाडीचा आवाज आला.

तो वळला. मघाची शेंगांची पुडी रिकामी होऊन कट्ट्यावर पडली होती आणि टरफलांचा ढीग झाला होता. निशिगंधाचे केस वाळले होते आणि त्यांची घट्ट वेणी घातलेली होती. दोघींचे डोळे रडून सुजले होते. मुलीच्या गालावर आईच्या लुगड्याच्या काठाची नक्षी उमटली होती, कितीतरी वेळ मांडीवर डोकं ठेवून निजल्यासारखी. आणि आता त्या दोघी कशाला तरी हसत होत्या.

गाडी थांबली. भाऊही धावत आला. निशिगंधा चढताना म्हणाली, "आये, मी त्यांना सांगते मग. तू म्हणालीस तसंच."

"सांग. आणि नाय ऐकलं तर इथे घर हाय."

गाडी गेल्यावर गंगुबाई रस्ता ओलांडून आली. काय सांगायचं होतं ते तिने सांगितलं नाही, त्यानेही विचारलं नाही. ती म्हणाली, "दोन तास नव्हते हो हे. जास्त होते."

"त्या बाकावर आणखी तीन माणसं होती. त्यांचेही त्यात होते." बाबल्याने मान खाली घातली. "त्यांचा पत्ता मला माहीत नाय."

गंगुबाईने विचारलं, "म्हातारे होते ना एक, पेंगणारे?"

"होते."

"आमच्या नशिबाने त्यांनी दिले म्हणायचे. मी रोज दिवा लावताना त्यांची आठवण काढीन." एवढं बोलून ती मुलाबरोबर घराकडे वळली.

बाबल्याने तांब्यातून दगड काढला. रंग उतरून तो तांबूस झाला होता आणि हाताला गार लागत होता. पण कोरडा झाला की हा पुन्हा घेणारच, हे त्याला ठाऊक होतं. तो उतारावरून खाली वाळूत गेला, गुडघाभर पाण्यात उभा राहिला आणि अंगात होतं तेवढं बळ लावून त्याने दगड समुद्रात फेकला. तिथे तो कधी वाळायचा नव्हता. घरी जाताना जरा उशीर झाला, म्हणून मैना दारात उभी होती. त्या दुपारी बाबल्या तिच्याजवळ बसून कुळीथ निवडत राहिला आणि स्टँडपासून समुद्रापर्यंत सगळं बोलला, इतकं की मैनेने मध्येच विचारलं, "बरं हाय ना तुम्हाला?"

वेलच्या त्यानंतर साध्या झाडासारखा वाढू लागला, म्हणजे बघून कळणार नाही असा. पण पावसाळ्यातल्या दुपारी त्याच्या अंगात भिनलेल्या होत्या. पौष संपता संपता त्याला मोहोर आला, सात तुरे.

कोवळ्या कलमाला मोहोर आला तर तो खुडायचा, असा बाबल्याच्या धंद्याचा नियम. पोराच्या वयात पोर झालं तर आई खंगते, असं तो लोकांना सांगायचा आणि त्यांच्या देखत तुरे मोडून टाकायचा. वेलच्याचे सहा तुरे त्याने खुडले. सातव्याला हात लावला, परत घेतला, पुन्हा लावला. जनीआते पडवीतून बघत होती. सातवा तुरा राहिला. त्यावर धरलेल्या वाटाण्याएवढ्या बाळकैऱ्या वाऱ्याने, तुडतुड्याने गळल्या आणि चैत्रात एकच कैरी उरली. मैनेने तिला वानरांपासून राखायला जुन्या साडीची पिशवी शिवून बांधली.

ज्येष्ठ लागायच्या आत बाबल्याने ती उतरवली. आठ दिवस पेंढ्यात ठेवली. साल पिवळी पडली, देठाशी सुरकुती आली, तेव्हा जनीआतेच्या हातात नेऊन दिली. मैनाही आली होती. जनीआतेने आंबा धुतला, दोन्ही तळव्यांत बराच वेळ मऊ केला, देठ काढून चीक पिळून टाकला आणि तोंडाला लावला. डोळे मिटले. बाबल्या पायरीवर बसला होता. लहानपणी पेज निवायची वाट बघत बसायचा तसा.

"वेलची नाय लागत," ती म्हणाली.

बाबल्याचा चेहरा पडला.

"गोड हाय. थोडा आंबट हाय. हे कळतंय मला, म्हणजे जीभ जागी हाय." तिने आणखी एकदा चोखला. "अरे, पोर हाय झाड. पहिल्या फळाला कुठला वास? थोरल्या वेलच्याला पण नव्हता. मी लग्न होऊन आले तेव्हा तो नुकता धरायला लागला होता, पाणचट नुसता. सासूबाई म्हणायच्या तोडू या. चार वर्षांनी वास आला."

"आते, मी घाई केली."

"केलीस खरी." तिने सालीला चिकटलेला रस दाताने ओढला. "पुढच्या वर्षी सगळा मोहोर खुड. एक तुरा ठेवू नको. त्याच्या पुढच्या वर्षीही खुड. खोडाला जोर येऊ दे आधी."

मैनेने बाबल्याकडे पाहिलं. बाबल्या बोटांवर वर्षं मोजत होता.

"आणि ते शेणखत घाल मिरगाच्या आधी," जनीआते म्हणाली, "मी सांगेन कुठे घालायचं ते." मग तिने कोय पांढरी होईपर्यंत चोखून काढली.